आधीच झिजलेलं घर

१

सिनेमा संपला की पडद्यावर नावं वर सरकायला लागतात. माझं नाव लई खाली, बारीक अक्षरात येतं. तोवर लोक पायानं चपला चाचपत असतात. मला त्याचं काही वाटत नाही. शहादेव हे नाव आईनं हाक मारायला ठेवलं होतं, वाचायला नाही.

माझी कामं दोन होती. शूटिंगवाल्यांना माणसं गोळा करून द्यायची अन् घर लावून द्यायचं. बीड जिल्ह्यात कुणाला म्हातारा पाहिजे, पैलवान पाहिजे, मयताला रडणाऱ्या बाया पाहिजेत, की मला फोन यायचा. शाळा मी चौथीत सोडली. पण माणसाचं तोंड बघून त्याला कुठं उभा करायचा, हे मला कळतं. एका साहेबानं मला सांगितलं होतं, चेहऱ्यावर दुःख असलेली माणसं आणा. मी म्हटलं, जेवणाच्या आधी शॉट घ्या, सगळ्यांच्या चेहऱ्यावर सापडंल.

घर लावणं म्हणजे नव्याला जुनं करणं. सुतार भिंती उभ्या करतो. आत बांबू, त्याला विणलेल्या कामट्यांच्या तट्ट्या, वरून शेणमातीचा गिलावा. पुढून बघितलं तर घर, मागून बघितलं तर बांबू अन् रान. मग मी आत शिरतो. आधी मनात माणसं ठरवतो. या घरात कोण राहतं, कोण कुठं बसतं, कुणाचा हात कुठं लागतो. त्या बेतानं चुलीच्या वर काजळी धरतो, उंबरा घासतो, खुंटीखाली मळ चढवतो. अन् जिथं माणूस भिंतीला डोकं टेकून बसत असंल तिथं तेलाचा डाग पाडतो. हा डाग नसला की घर खोटं दिसतं.

गेल्या हिवाळ्यात कडा या बाजाराच्या गावाजवळ, आमच्याच गावाबाहेर सेट लागला. सिनेमाची गोष्ट साधी. ल्योक-सून ऊस तोडायला जातात, मागं म्हातारी एकटी राहते. दिवाळीनंतर आमच्या अर्ध्या गावाला कुलपंच असतात. शूटिंगवाल्यांना अशीच शांतता पाहिजे होती. आम्हाला ती फुकट मिळते.

सेटची सगळी जबाबदारी वर्षाराणीवर होती. पोरगी बीडचीच, मुंबईला शिकलेली, केसात पेन्सिल खोचून फिरायची. तिला काम येत होतं. येत नसतं तर मी पहिल्याच दिवशी तोंडावर सांगितलं असतं.

२

घर लावून झालं. दुसऱ्या दिवशी सकाळी वर्षाराणी माझ्याकडं हसत आली. म्हणाली, बाबा, दारापाशी केलेला डाग लई भारी झालाय, मला सुद्धा सुचलं नसतं.

दारापाशी मी डाग केलाच नव्हता. माझ्या मनातली म्हातारी चुलीपाशी बसत होती, तिचा डाग मी तिथं पाडला होता. पण समोर दोन-चार माणसं उभी, अन् माझं कौतुक चाललेलं. माझ्या तोंडून निघून गेलं, केलाय म्हटलं, नजर पाहिजे.

मग एकटाच जाऊन बघितलं. दाराच्या डाव्या अंगाला, बसलेल्या बाईचं डोकं येईल एवढ्या उंचीवर गोल डाग. मधे काळपट, कडेला पिवळसर. असा डाग एका रात्रीत पडत नाही. त्याला वर्षं लागतात. मी बोट लावून वास घेतला. मी डागाला खोबरेल वापरतो, त्यात चुलीची राख अन् जरा ग्रीस. याला करडीच्या तेलाचा वास होता.

सटवा सुतारानं चावटपणा केला असंल, म्हणून त्याला धरला. तो म्हणाला, मी कावून करू बे, मला माझं काम कमी हाय का. खरं होतं. तो बिडीची राख झाडायला सुद्धा आळस करतो. मागच्या बाजूला जाऊन बघितलं. तट्ट्या कोरड्या, बांबू नवे, पलीकडं ज्वारीचं रान. मी मनाला समजावलं, वय झालं, हात चालतो अन् ध्यानात राहत नाही.

तेवढ्यात पहिला शॉट त्याच दारावर झाला. आमच्या धंद्यात एक कायदा आहे. एकदा कॅमेऱ्यात आलं की ते शेवटपर्यंत तसंच पाहिजे. पेला डावीकडं असला तर डावीकडंच. म्हणजे डाग आता राहणार होता. मी पुसला असता तर लोकांनी मलाच बोल लावला असता.

३

म्हातारीचं काम करायला मुंबईची बाई येणार होती. ती पायऱ्यांवरून पडली, मांडीचं हाड मोडलं. शिवशंकर साहेब, म्हणजे दिग्दर्शक, कपाळाला हात लावून बसला. मग उठून दारापाशी गेला, तो डाग बघत राहिला अन् म्हणाला, शहादेवराव, हा डाग जिच्या डोक्याचा आहे, ती बाई मला आणून द्या.

त्याला ते बोलणं लई आवडलं. मलाही आवडलं. आता सांगताना जीभ जड होते, पण तेव्हा मला वाटलं, हा माणूस सिनेमा जाणतो.

गावात मागं राहिलेल्या म्हाताऱ्या मी सेटवर आणल्या. एकेकीला दारापाशी बसवलं. दगडाबाई उंच भरली. छबुबाईचं डोकं खाली आलं, अन् बसल्या बसल्या तिला झोप लागली. कुणाची पाठ वाकडी, कुणाला टेकून बसायची सवयच नाही. साहेब मान हलवत होता.

माझी धाकटी बहीण केसरबाई मला भाकर द्यायला आली होती. तिचा नवरा कधीच गेला. ल्योक अजिनाथ अन् सून माजलगावकडं कारखान्यावर ऊसतोडीला. जाताना अजिनाथ मला म्हणाला होता, मामा, पट्टा पडंस्तोवर, कारखाना बंद होईस्तोवर, आईकडं बघा. मी म्हटलं, माझी बहीण हाय ती, तुझ्या आधीपासून बघतोय. माझी बायको वारलेली, म्हणून दोन्ही वेळचं जेवण केसर माझ्याकडंच करायची.

साहेबाचं लक्ष तिच्याकडं गेलं. फाटलेल्या कानाच्या पाळ्या, मधोमध भांग. त्यानं विचारलं, या कोण.

केसर लाजली नाही. जाऊन दारापाशी बसली, पदर सावरला अन् डोकं मागं टेकलं. डोक्यानं डाग झाकून टाकला, कडेला बोटभर सुद्धा उरला नाही. सेटवर टाळ्या वाजल्या.

मीही वाजवल्या. बहीण माझीच होती ना.

जेवताना माझ्या लक्षात आलं, केसर डोक्याला करडीचं तेल लावते. साऱ्या म्हाताऱ्या लावतात, असं म्हणून मी घास गिळला.

४

केसरचं काम बघून मुंबईची माणसं खुळी झाली. तिला काही सांगावं लागत नव्हतं. पाणी प्यायला उठली की हात बरोबर तांब्यावर जायचा. साहेब म्हणायचा, बाई या घरात जन्म काढल्यासारखी वावरते.

मला ते खटकायचं. घर मी लावलं होतं. तांब्या मी चुलीपाशी ठेवलेला, तो माठामागं सापडायचा. अन् केसर माठामागंच हात घालायची. चुलीच्या उजव्या अंगाचा दगड तिनं एकदा सहज उचलला, खालून मशेरीची डबी काढली, दाताला लावली अन् परत ठेवली. शॉट चालू होता. साहेबाला वाटलं मी ठेवली, वर्षाराणीला वाटलं साहेबानं ठेवायला लावली. मी नंतर दगड उचलून बघितला. डबीच्या बुडाचा गोल मातीत खोल रुतलेला.

तेव्हापासून मी रोज सकाळी आधी जाऊन घर बघायला लागलो. रोज काहीतरी वाढलेलं असायचं. बाजेच्या सुंभाला एका कुशीचा खळगा पडलेला, केसर डाव्या कुशीवर झोपते तशी. दाराच्या चौकटीला हात धरून उठायची जागा गुळगुळीत झालेली. तीही केसर तिथं हात धरायच्या आधी. हे मला नीट आठवतं, कावून की त्या दिवशी तिचा चौकटीपाशी पहिलाच शॉट होता, अन् मी सकाळीच ती जागा बघितली होती.

माणूस वापरतो, मग जागा झिजते. साऱ्या दुनियेत असंच आहे. इथं जागा आधी झिजत होती, अन् मागून माझी बहीण येऊन त्यात बरोबर बसत होती.

मी तिला दुपारी घरी चल म्हटलं. जेवणाच्या सुट्टीत सगळे मांडवात पंगतीला जायचे, ही सेटमध्येच बसून राहायची. म्हणाली, दादा, तू जा, मला हितंच बरं वाटतं. सून आत हाय, तिला जेवू घालते.

आत म्हणजे आतल्या दारापलीकडं. त्या दारापलीकडं खोली नव्हतीच. दार उघडलं की ज्वारी.

मी म्हटलं, केसर, सून माजलगावला हाय. अजिनाथासंगं.

ती माझ्याकडं बघत राहिली. भोळ्या माणसाची कीव येते तसं.

५

पुढच्या सकाळी चुलीवरच्या भिंतीवर चौकोन दिसला.

चुलीची काजळी मीच धरलेली, काळी कुळकुळीत. त्या काजळीत मधोमध एक स्वच्छ चौकोन, पुस्तकाहून मोठा, उभा. वर खिळा. खाली उदबत्तीच्या धुराची बारीक काळी रेघ, अन् तिच्याजवळ बोटांनी लावलेल्या हळदीकुंकवाचे पुसट ठिपके.

मला कुणी सांगायची गरज नव्हती. माझ्या घरी बायकोचा फोटो आहे. भिंतीला रंग द्यायला तो काढला तेव्हा मागं असाच चौकोन निघाला होता. मेलेल्या माणसाच्या फोटोमागंच भिंत अशी राहते.

फोटो अजून नव्हता. फक्त जागा झिजून तयार होती.

मग माझा मलाच राग आला. तडक साहेबाकडं गेलो. म्हटलं, माझी बहीण उद्यापासून येणार न्हाई. तो हसला, मग माझं तोंड बघून हसायचा थांबला. काय बिनसलं विचारलं. मी सांगितलं ते त्याला पटलं नाही. म्हणाला, काम तुमचंच आहे, तुम्हीच केलेल्या डागाला तुम्हीच घाबरता. त्यात त्याची चूक नव्हती. डाग माझा आहे हे मीच बोललो होतो.

वर्षाराणीला नेऊन चौकोन दाखवला. तिनं बघितला, पेन्सिल काढली, परत खोचली. मग हळू म्हणाली, बाबा, काल संध्याकाळी कुलूप मी स्वतः लावलं. चौकोन नव्हता. तुम्ही त्यांना घरी न्या.

दुपारी केसरला न्यायला गेलो. ती दारापाशी बसलेली, डोकं मागं, डोळे मिटलेले. तोंडाचा रंग भिंतीसारखा झालेला. हात धरला तर थंडगार. हिवाळा होता खरा, पण दुपारचं ऊन कडक होतं.

"केसर, उठ. घरी चल."

"घरीच हाय की मी."

"हे घर न्हाई. हे मी केलंय. मागं काय बी न्हाई याच्या."

"तू केलं?" तिनं डोळे न उघडता विचारलं. "दादा, मी हितं नांदायला आले तवा तू लहान व्हतास."

मी तिच्याहून मोठा आहे. तिला कडेवर घेऊन फिरलोय.

तिला ओढलं तर हलेना. वाळलेली बाई, ज्वारीचं पोतं उचलायला तिच्याहून जास्त जोर लागतो. पण जशी काही भिंतीनं धरली होती.

६

मी बाहेर गेलो अन् सटवाची कुदळ घेतली. मांडवात पंगत बसली होती, वाढप्याच्या बादल्यांचा आवाज येत होता. कुणीतरी विचारलं, शहादेव, कुदळ कशाला. मी तसाच आत शिरलो.

वर्षाराणी माझ्यामागं आली. तिला म्हटलं, काखेत हात घालून हिला धर, अन् मी सांगितल्यावर ओढ. तिनं नोकरीचा विचार केला असंल, नसंल. हात घातले. मी केसरच्या डोक्यामागं बोटं सारली. केस भिंतीला चिकटले होते. डिंकानं चिकटावेत तसे. सुटताना बारीक आवाज झाला. केसर कळवळली अन् वर्षाराणीच्या अंगावर कोसळली.

मी डागाच्या मधोमध कुदळ घातली.

पहिल्या घावाला गिलावा पडला. दुसऱ्याला तट्टी फाटली, मुठीएवढं भोक पडलं. त्यातून ज्वारी दिसायला पाहिजे होती. दुपार होती. उन्हाची तिरीप आत यायला पाहिजे होती.

पलीकडं अंधार होता. घरातला असतो तसा, धुराचा, निवलेल्या चुलीचा. अन् भोकाच्या अगदी तोंडाशी एक डोकं. माझ्याकडं पाठ करून, पलीकडून भिंतीला टेकलेलं. पांढरे केस, मधोमध भांग, तेलानं चप्प बसवलेले. करडीचा वास आला.

मी उभा राहिलो. किती वेळ, कुणास ठाऊक. मागं केसर कण्हत होती. माझ्या बहिणीचा आवाज माझ्या मागं होता. हे मी मनात घट्ट धरून ठेवलं.

ते डोकं हळूहळू वळायला लागलं. आधी कान दिसला. पाळी फाटलेली.

तोंड मी बघितलं नाही. कुणी विचारतं, कावून बघितलं नाही. बघितलं असतं तर ओळखावं लागलं असतं. मी म्हटलं, "ही माझी हाय. तुझी न्हाई." अन् सगळा जीव लावून कुदळ मारली. मग मारतच राहिलो. भिंत पडली, चौकट पडली, चुलीवरचा तो चौकोन ढेकळं होऊन खाली आला. आढं कडकडलं तेव्हा माणसं ताटं टाकून धावत आली अन् मला धरलं.

धूळ बसली. समोर ज्वारी होती, ऊन होतं. रानात कुणीच नव्हतं. सटवा तेवढा पडलेली तट्टी उलटीसुलटी करून बघत राहिला. पलीकडच्या अंगानंही तिला तेलाचा डाग होता. त्यानं हे कुणाला सांगितलं नाही, अन् त्या दिवशी ती कुदळ त्यानंच धुऊन ठेवली.

७

साहेबानं मला काढलं. कुणीतरी मला वेडा ठरवला. आता शूटिंगचे फोन येत नाहीत. बरं झालं. वर्षाराणीनं दुसरीकडं दुसरं घर लावलं अन् साहेबानं सिनेमा पुरा केला, दुसऱ्या बाईला घेऊन. ती बाई चुलीपाशी बसते म्हणे. मधनंमधनं वर्षाराणी फोन करते अन् आधी केसरचं विचारते.

केसरला मी माझ्याकडं आणली. तिचा रंग परत आला, भाकरी खायला लागली, शिव्या द्यायला लागली. त्या घरातलं काही आठवत नाही म्हणते. पण माझ्यावर रुसलेली असते. तू माझं कायतरी पाडलंस दादा, म्हणते, अन् काय ते तिलाच सांगता येत नाही.

मी तिला एका जागी दोनदा बसू देत नाही. आज ओट्यावर, उद्या कडुलिंबाखाली. बाज रोज फिरवतो. भिंतीला टेकली की उठवतो. शेजारचे हसतात, म्हाताऱ्याचं डोकं फिरलं म्हणतात. हसू द्या.

माझं घर सिमेंटचं, निळा रंग दिलेलं, गॅस आहे. काजळी धरायला जागाच नाही. तरी संक्रांत झाल्यावर आतल्या खोलीच्या भिंतीवर रंग फिका पडायला लागला. उभा चौकोन. वर खिळा, मी न ठोकलेला. घासला, चुना फासला. सकाळी परत.

मग मी कड्याला गेलो अन् त्या मापाचा आरसा आणला. त्याच खिळ्याला टांगला.

आता केसर रोज सकाळी त्यात बघून वेणी घालते. त्या चौकोनात तिचं तोंड दिसतं, मशेरीनं काळे झालेले दात, कुरकुरणारं, माझ्या नावानं बडबडणारं, जितं. चौकोनाला तिचा चेहरा पाहिजे होता. घे म्हटलं. रोज घे. पण हलणारा घे.

एक गोष्ट मी तिला सांगितलेली नाही. कधी कधी मी आधी खोलीत जातो अन् आरशात ती दिसते. केसर बाहेर भांडी घासत असते, आवाज येत असतो, अन् आरशातली बाई गप्प बसलेली असते, डोळे मिटून, डोकं मागं टेकून.

मी घाबरत नाही. आरशाकडं पाठ न करता हाक मारतो.

"केसर. आत ये. वेणी घाल."

"आत्ताच घातली की."

"परत घाल."

ती ओल्या हातानं येते, मला ढकलून आरशापुढं उभी राहते अन् म्हणते, "आता काय तोंडात घालू का तुझ्या ही वेणी?" आरशातली बाई तोंड उघडते, तेच बोलते, अन् तिच्याच संगं हात वर करून केस मोकळे सोडते.

अजिनाथाचा फोन आला होता. पट्टा पडत आलाय म्हणाला, आई कशी हाय. मी फोन केसरच्या हातात दिला अन् म्हटलं, सांग तुझ्या तोंडानं.